मोबदला अडला? अवमान याचिकेआधी दरखास्त

ऑगस्ट २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्र सरकारला ऐकवलेले खडे बोल राज्यभर गाजले. वाद होता पुण्यातल्या पाषाण भागातल्या सुमारे चोवीस एकर जमिनीचा. एका कुटुंबाने १९५० च्या दशकात विकत घेतलेली ही जमीन सरकारने ताब्यात घेऊन संरक्षण खात्याच्या संस्थेला दिली. मोबदल्याचा प्रश्न मात्र पिढ्यान्‌पिढ्या लोंबकळत राहिला. फुकटच्या योजनांना पैसा आहे आणि जमीनमालकाला द्यायला नाही का, असे विचारून न्या. भूषण गवई यांच्या खंडपीठाने ‘लाडकी बहीण’ योजनाच थांबवण्याचा इशारा दिला. त्याच महिन्यात राज्याच्या अतिरिक्त मुख्य सचिवांच्या नावे अवमानाची नोटीस निघाली. सप्टेंबरमध्ये त्यांनी न्यायालयात हजर राहून माफी मागितली.

अशी बातमी वाचली की मोबदल्याची वाट पाहणाऱ्या कोणत्याही शेतकऱ्याला वाटणार : चला, आपणही अवमान याचिका टाकू, साहेब सरळ होतील. पण बातमीतला एक बारकावा नजरेतून निसटतो. ती नोटीस पैसे थकले म्हणून निघालेली नव्हती. सरकारने दाखल केलेल्या प्रतिज्ञापत्रातली भाषा न्यायालयाला अवमानकारक वाटली, म्हणून ती निघाली. थकलेला मोबदला आणि न्यायालयाचा अवमान या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. एकीतून दुसरी आपोआप निघत नाही.

गोंदिया जिल्ह्यात हा फरक समजून घेण्याची गरज अधिक आहे. १ मे १९९९ रोजी भंडाऱ्यापासून वेगळा झालेला हा धानाचा आणि तलावांचा जिल्हा. इथल्या बांध्या एकदाच आणि एकाच कामासाठी गेल्या असे नाही. अर्जुनी मोरगाव तालुक्यातला इटियाडोह, बाघ प्रकल्पाची सिरपूर, पुजारीटोला आणि कालीसरार ही धरणे, तिरोड्याकडची धापेवाडा उपसा सिंचन योजना, बिरसीचा विमानतळ, देवरी आणि सडक अर्जुनीतून जाणारा राष्ट्रीय महामार्ग ५३ अशा वेगवेगळ्या कामांसाठी वेगवेगळ्या काळात, वेगवेगळ्या कायद्यांखाली जमिनी घेतल्या गेल्या. त्यामुळे वाढीव मोबदला मिळवायचा आणि वसूल करायचा रस्ताही प्रत्येकाचा सारखा नाही.

निवाडा म्हणजे हुकूमनामा

कालव्यासाठी जमीन जाते तेव्हा पहिला निवाडा भूसंपादन अधिकारी देतो. तो दर मान्य नसेल तर शेतकरी संदर्भ अर्ज करतो. १८९४ च्या जुन्या कायद्यात कलम १८ खाली हा अर्ज दिवाणी न्यायालयाकडे जात असे. १ जानेवारी २०१४ पासून लागू झालेल्या २०१३ च्या कायद्यात तो कलम ६४ खाली प्राधिकरणाकडे जातो. तिथे दर वाढला की हाती येतो वाढीव मोबदल्याचा निवाडा. जुन्या कायद्याचे कलम २६(२) आणि नव्या कायद्याचे कलम ७० स्पष्ट सांगते की असा निवाडा हा दिवाणी हुकूमनामाच समजावा.

या एका वाक्यात पुढचा सगळा रस्ता आहे. हुकूमनामा वसूल करण्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ मध्ये पूर्ण यंत्रणा दिलेली आहे. महाराष्ट्रातल्या न्यायालयांत तिला दरखास्त म्हणतात. ती करायची सोडून कोणी थेट अवमानाच्या दारात गेला तर काय होते, हे सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्ये आर. एन. डे विरुद्ध भाग्यवती प्रामाणिक या पश्चिम बंगालच्या प्रकरणात सांगून ठेवले आहे. तो वादही भूसंपादनाच्या मोबदल्याचाच होता. रक्कम भरली नाही म्हणून अधिकाऱ्यांवर अवमानाची कारवाई सुरू झाली होती. न्यायालयाचे म्हणणे असे : अवमानाचे हत्यार ऊठसूट उपसायचे नाही. ज्या आदेशाच्या वसुलीसाठी कायद्याने दुसरा उपाय दिला आहे, तिथे एरवी ते वापरता येत नाही. कायद्याप्रमाणे दरखास्त न करणाऱ्या हुकूमनामाधारकाला अवमानाचा मार्ग धरायला उत्तेजन देऊ नये.

अवमानाचा मामला न्यायालय आणि अवमान करणारा यांच्यातला असतो. अर्जदार फक्त घडलेली गोष्ट न्यायालयाच्या नजरेस आणून देतो. त्याच्या खात्यात पैसे जमा करून देणे हे त्या कारवाईचे काम नाही. न्यायालय अवमान कायदा १९७१ चे कलम १२ पाहिले की ते लक्षात येते. शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. मनापासून मागितलेली माफी न्यायालयाला पटली तर तीही माफ. या शिक्षेतला एक रुपयाही शेतकऱ्याकडे येत नाही.

अवमान कुठे अडतो

पहिली अडचण ‘हेतुपुरस्सर’ या शब्दाची. कलम २(ख) मध्ये आदेशाची जाणूनबुजून केलेली अवज्ञा, किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा जाणूनबुजून केलेला भंग, यालाच दिवाणी अवमान म्हटले आहे. नुसता उशीर पुरत नाही. ही कारवाई फौजदारी वळणाची असल्याने संशयाचा फायदा अधिकाऱ्याला मिळतो. आदेशाचे दोन अर्थ निघत असतील आणि अधिकाऱ्याने त्यातला एक धरला असेल, तरी अवमान सिद्ध होणे कठीण. निधीसाठी वर पाठवलेले प्रस्ताव आणि स्मरणपत्रे अधिकारी उत्तरात जोडतो, आणि अवज्ञा जाणूनबुजून होती का यावरच वाद फिरू लागतो.

दुसरी अडचण ‘निर्णय घ्या’ या आदेशाची. शेजाऱ्याला न्यायालयातून वाढीव दर मिळाला, तर ज्याने संदर्भ अर्जच केला नव्हता त्यालाही जुन्या कायद्याच्या कलम २८अ खाली तीन महिन्यांत अर्ज करून तोच दर मागता येतो. नव्या कायद्यात हेच कलम ७३ आहे. असा अर्ज वर्षानुवर्षे पडून राहतो. शेतकरी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात जातो. खंडपीठ म्हणते, आठ आठवड्यांत अर्जावर निर्णय घ्या. अधिकारी निर्णय घेतो आणि अर्ज फेटाळतो. इथे शेतकऱ्याचा संताप रास्त असतो, पण अवमान झालेला नसतो. आदेश निर्णय घेण्याचा होता, मंजुरीचा नव्हता. जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर या १९९६ च्या निकालाने हे तत्त्व पक्के केले. आदेशानुसार निर्णय झाला की तो चुकीचा असला तरी त्यातून नवे कारण निर्माण होते, आणि त्याला नव्याने आव्हान द्यावे लागते.

तिसरी अडचण मूळ आदेशाच्या चौकटीची. अवमान ऐकणारे न्यायालय मूळ आदेशात नसलेली गोष्ट नव्याने देत नाही. सुधीर वासुदेव विरुद्ध एम. जॉर्ज रविशेखरन या २०१४ च्या निकालाने ही सीमा आखून दिली. मोजणीत सुटलेले दोन गुंठे, विहिरीची किंमत, आंब्याची झाडे, चुकलेले व्याज यांपैकी काहीही अवमान याचिकेतून पदरात पडणार नाही. महामार्गाचे उदाहरण घ्या. राष्ट्रीय महामार्ग कायद्याखाली गेलेल्या जमिनींनाही दिलासा रक्कम (सोलेशियम) आणि व्याज मिळाले पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये तरसेम सिंग प्रकरणात ठरवले. पण एखाद्याच्या निवाड्यात ती रक्कम धरलेलीच नसेल, तर ती लवादापुढे किंवा योग्य न्यायालयात मागावी लागते. ‘सर्वोच्च न्यायालयाचे ऐकले नाही’ म्हणून अवमान लावता येत नाही.

चौथी अडचण मुदतीची, आणि सर्वांत जास्त लोक इथेच ठेचकाळतात. अवमान कायद्याच्या कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत याचिका दाखल व्हायला हवी. आदेशात ‘तीन महिन्यांत पैसे द्या’ असेल, तर ते तीन महिने संपल्यापासून वर्ष मोजायचे. ‘रोजच अवमान चालू आहे, म्हणून मुदत संपतच नाही’ हा युक्तिवाद नेहमी केला जातो. जुलै २०२४ मध्ये एस. तिरुपती राव विरुद्ध एम. लिंगमय्या या तेलंगणातल्या जमिनीच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने त्याला आळा घातला. आदेश न पाळणे हे प्रत्येक वेळी सतत चालू राहणारे कृत्य ठरत नाही, असे न्यायालयाने सांगितले. साहेबांच्या ‘करतो, बघतो’वर विसंबून दोन वर्षे काढणाऱ्याच्या हातून हा उपाय तेव्हाच सुटलेला असतो.

आणखी एक गैरसमज अपिलातल्या स्थगितीचा. सरकार उच्च न्यायालयात अपील करते आणि अर्धी किंवा पूर्ण रक्कम अमुक आठवड्यांत भरण्याच्या अटीवर स्थगिती मिळवते. रक्कम भरली नाही तर शेतकऱ्याला हा अवमान वाटतो. प्रत्यक्षात अट मोडली की स्थगितीचे संरक्षण जाते आणि दरखास्त पुढे चालवायची वाट मोकळी होते. फायद्याची गोष्ट हीच आहे. नुसते अपील दाखल झाले म्हणून वसुली थांबत नाही, हे संहितेच्या आदेश ४१ नियम ५ मध्ये लिहिलेलेच आहे.

अवमान कुठे चालतो

म्हणजे अवमान याचिका निरुपयोगी आहे असे नाही. तीन जागी ती खरोखर लागू पडते. उच्च न्यायालयाने रिट याचिकेत थेट ‘इतकी रक्कम या तारखेपर्यंत द्या’ असे सांगितले असेल आणि ते पाळले गेले नसेल, ही पहिली जागा. सरकारी वकिलाने न्यायालयासमोर हमी दिली, ती आदेशात नोंदवली गेली आणि मोडली गेली, ही दुसरी. ताबा घेऊ नका असा मनाई आदेश असताना जेसीबी बांधीत उतरला, ही तिसरी. मात्र मनाई खालच्या दिवाणी न्यायालयाची असेल तर आधी आदेश ३९ नियम २अ खाली त्याच न्यायालयात अर्ज करायचा असतो.

पहिल्या प्रकारचे ठळक उदाहरण आंध्र प्रदेशातले आहे. नेल्लोर जिल्ह्यात एका महिलेची जमीन सरकारने घेऊन दुसऱ्या संस्थेला दिली. मोबदला द्या, असा उच्च न्यायालयाचा आदेश २०१७ चा. पैसे मिळाले २०२१ मध्ये. तेही अवमान याचिका चालू असताना. त्या वर्षीच्या सप्टेंबरमध्ये न्यायालयाने काही सनदी अधिकाऱ्यांना साधी कैद आणि दंड सुनावला, आणि अपील करता यावे म्हणून शिक्षा महिनाभर स्थगित ठेवली. तिथे आदेश स्पष्ट होता, मुदत ठरलेली होती आणि झालेला उशीर समर्थनीय नव्हता.

साहेबांना कोर्टात उभे करण्याची हौसही आवरती घ्यावी. जानेवारी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांना बोलावण्याबाबत कार्यपद्धती ठरवून दिली आहे. प्रत्यक्ष हजेरीचा आदेश अपवादानेच द्यावा, शक्य तिथे आधी दूरदृश्य प्रणालीचा पर्याय द्यावा, असा तिचा रोख आहे.

दरखास्तीचा हिशेब

मुख्य काम दरखास्तीचे, आणि दरखास्तीत मुख्य काम हिशेबाचे. ज्या न्यायालयाने निवाडा दिला तिथेच ती सहसा दाखल होते. मुदत बारा वर्षांची असते, तरी तितके थांबायचे कारण नाही. सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्यात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८२ प्रमाणे हुकूमनाम्याच्या तारखेपासून तीन महिने रक्कम थकली की वसुलीची पावले टाकता येतात. अर्जात प्रकरण क्रमांक, पक्षकार, हुकूमनाम्याची तारीख, अपील झाले आहे का, आतापर्यंत किती रक्कम मिळाली, किती बाकी आहे आणि कोणत्या मार्गाने वसुली हवी, हे सगळे आदेश २१ नियम ११ प्रमाणे लिहावे लागते.

जुन्या कायद्याखालचा हिशेब नमुन्यादाखल असा. समजा न्यायालयाने बाजारभावात चार लाख रुपये वाढवले. त्यावर तीस टक्के दिलासा रक्कम, म्हणजे १ लाख २० हजार. कलम ४ च्या अधिसूचनेपासून निवाडा किंवा ताबा यांपैकी जे आधी तोपर्यंत दरसाल बारा टक्के. तो काळ दोन वर्षांचा धरला तर ९६ हजार. एकूण ६ लाख १६ हजार. आता कलम २८ चे व्याज : ताब्यापासून पहिल्या वर्षी नऊ टक्के, म्हणजे ५५ हजार ४४०, आणि पुढे दरवर्षी पंधरा टक्के, म्हणजे ९२ हजार ४००. दहा वर्षांचे व्याज होते ८ लाख ८७ हजार ४०. सगळे मिळून १५ लाख ३ हजार ४० रुपये. दिलासा रकमेवर आणि बारा टक्क्यांच्या रकमेवरही व्याज लागते, हे सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये सुंदर विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात ठरवले आहे. तक्ता करताना हेच बहुधा राहून जाते. सरकारने मधे काही रक्कम भरली असेल तर ती तारखेसह वजा दाखवावी. असा एक पानाचा तक्ता दरखास्तीला जोडला की ‘रक्कम किती तेच ठरत नाही’ या सबबीला जागा उरत नाही.

वसुलीचा मार्ग निवडताना भूसंपादन अधिकाऱ्यासोबत जमीन ज्या संस्थेसाठी घेतली तीही पाहावी. विदर्भातल्या सिंचन प्रकल्पांत पैसा बहुधा विदर्भ पाटबंधारे विकास महामंडळाकडून यायचा असतो. महामंडळ मूळ प्रकरणात पक्षकार असेल, तर त्याचे बँक खाते जप्तीसाठी दाखवता येते. कचेरीतल्या खुर्च्या, संगणक किंवा गाडी जप्त करायला बेलीफ गेला की वर्तमानपत्रात फोटो येतो. कधी कधी नुसत्या वॉरंटनेही धनादेश हलतो. पण लिलावात जुन्या खुर्च्यांचे किती येणार? खात्याचा क्रमांक आणि बँकेची शाखा शोधून देणारी दरखास्त अधिक कामाची.

महामार्ग किंवा रेल्वेच्या जमिनीत लवादाचा निवाडा असेल तर लवाद कायद्याच्या कलम ३६ खाली त्याची वसुली हुकूमनाम्यासारखीच होते. लोकअदालतीत तडजोड झाली असेल तर तिचा निवाडाही हुकूमनामाच. तिथेही आधी दरखास्त.

दरखास्तीत उशीर होतो हे खरेच. एप्रिल २०२१ मध्ये राहुल शाह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितले. मार्च २०२५ मध्ये पेरियम्माळ प्रकरणात उच्च न्यायालयांकडून प्रलंबित दरखास्तींचे आकडे मागवले. ऑक्टोबरमध्ये समोर आलेला देशाचा आकडा सुमारे ८ लाख ८२ हजारांचा होता, आणि त्यात सर्वाधिक दरखास्ती महाराष्ट्रातल्या. पण या निकालांचा उपयोग शेतकऱ्यालाही आहे. दरखास्त सहा महिन्यांत निघाली नाही, तर त्यांचा हवाला देऊन लवकर सुनावणीचा अर्ज त्याच न्यायालयात देता येतो. तेवढ्याने भागले नाही तर नागपूर खंडपीठाकडून कालबद्ध आदेश मागता येतो.

आदेश मिळवतानाच घ्यायची काळजी

अवमानाचा पाया मूळ आदेश लिहिला जातो त्याच दिवशी पडतो. सरकारी वकील ‘लवकरच रक्कम भरू’ म्हणाला, तर तेवढ्यावर समाधान मानू नये. रक्कम, तारीख आणि जबाबदार अधिकाऱ्याचे पद आदेशात यावे, आणि निवेदन हमी म्हणून स्वीकारल्याचे नमूद व्हावे, असा आग्रह वकिलाने धरावा. आदेश झाला की लगेच प्रमाणित नकलेचा अर्ज द्यावा. नक्कल स्वतः कार्यालयात नेऊन आवक शिक्का घ्यावा, आणि शिवाय नोंदणीकृत टपालानेही पाठवावी. अधिकारी बदलला तर नव्या अधिकाऱ्यालाही तीच नक्कल द्यावी, कारण ‘आपल्याला माहीतच नव्हते’ हा बचाव तिथे सर्वांत आधी येतो. मुदत संपल्यावर वकिलामार्फत नोटीस द्यावी आणि वर्ष संपण्याची तारीख कॅलेंडरवर लिहून ठेवावी. वाढीव निवाडा मिळाल्यावर सरकार अपील करणार असे दिसत असेल, तर नागपूर खंडपीठात कॅव्हेट दाखल करावे. ते नव्वद दिवस चालते.

जिल्हा न्यायालयाच्या आदेशाचा अवमान झाला तरी शिक्षा देण्याचा अधिकार उच्च न्यायालयाचा असतो. त्यामुळे ही लढाई नागपूरला लढावी लागते, आणि सालेकसा किंवा देवरीहून नागपूरच्या खेपा, वकिलाची फी, बुडालेली मजुरी हे सगळे आधीच हिशेबात धरलेले बरे. महिला, अनुसूचित जाती व जमातींतील व्यक्ती, आणि वर्षाला तीन लाख रुपयांपेक्षा कमी उत्पन्न असलेले नागरिक यांना विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ खाली वकील मोफत मिळतो. असा वकील मिळवण्यासाठी दरखास्तीच्या कामाचा अर्ज गोंदियाच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे करावा आणि उच्च न्यायालयातल्या कामाचा नागपूरच्या उच्च न्यायालय विधी सेवा उपसमितीकडे. सोबत निवाड्याची नक्कल, सातबारा आणि आतापर्यंत मिळालेल्या रकमेच्या पावत्या न्याव्यात.